जमावाला माणसं मिळेनात

माझ्या मरणाची मला भीती राहिलेली नाही, कारण मी लई वेळा मेलोय. कधी वाघनखांनी, कधी तलवारीनं, कधी छावणीत कुढत, आणि एकदा तर स्टेजची फळी मोडून खाली पडल्यावर, ठरलेल्या वेळेच्या आधीच. लातूरच्या एका डाळ मिलमध्ये मी मुनीम होतो. दिवसा तुरीच्या कट्ट्यांचा हिशेब आणि संध्याकाळी इतिहासातली वाईट माणसं, असा माझा उभा जन्म गेला. खान मी, बादशहा मी, निजामाचा सरदार मी, गोरा साहेब मी, आणि सुधारकांच्या अंगावर शेण फेकणारा शेंडीवाला शास्त्रीसुद्धा मीच. बिलोली तालुक्यातल्या आमच्या गावात मला माधवराव म्हणून कुणी हाक मारत नाही. पोस्टमनसुद्धा दारात येऊन विचारतो, खानसाहेब हायेत का घरात.

चांगली माणसं गौतमकडं असायची. गौतम आमच्याच गावच्या बौद्धवाड्यातला, माझा शाळेपासूनचा दोस्त, पुढं नांदेडला शिक्षक झाला. उंच, रुंद कपाळाचा, आवाज असा की माईक बंद पडला तरी शेवटच्या सतरंजीपर्यंत जावा. महाराज तो, जोतिबा तो, बाबासाहेब तो. मी त्याला चिडवायचो की तुझं काम फुकटचं आहे. जिरेटोप घालून विंगेतून बाहेर आलास की टाळ्या, तोंड उघडायचीही गरज नाही. आमच्यासारख्याला मात्र पहिल्या वाक्यापासून कमवावं लागतं.

आता धंद्यातली गोष्ट सांगतो. नवीन पोरं खलपुरुषाचं काम मिळालं की डोळे वटारतात आणि गडगडाटी हसतात. ते अगदी चूक. वाईट माणसाला आपण वाईट आहोत हे कधीच ठाऊक नसतं. तो आपलं कर्तव्य करून राहिलेला असतो, अगदी शांतपणे. समोरच्याला क्षणभर वाटलं पाहिजे की अरे, ह्याचंही काही चुकत नाही. मग त्याला आपल्याच मनाची लाज वाटते आणि त्या लाजेच्या भरात तो चप्पल भिरकावतो. चप्पल आली की मी खूश व्हायचो. देगलूरकडच्या एका गावात तर एकाच पायातल्या दोन आल्या होत्या, त्या मी बरेच दिवस जपून ठेवल्या होत्या.

पण चपलेच्या पुढं गोष्ट जाऊ नये म्हणून आमच्या नाटकमंडळीत एक रीत होती. नाटक संपलं की गौतम महाराजांच्या वेशात माझा हात धरून पुढं यायचा आणि माझं नाव, गाव, मी पोटापाण्याला काय करतो, सगळं लोकांना सांगायचा. आम्ही त्याला ओळख म्हणायचो. निलंग्याकडं एकदा ऐन ओळखीच्या वेळी वीज गेली. अंधारात मी दाढी सावरत मागच्या बाजूनं निघालो, तर चार बाया वाटेत उभ्या, एकीच्या हातात खराटा. मी मनलं, माय, मी लातूरच्या डाळ मिलमधला मुनीम हाव. ती मनली, खान बी असंच गोड बोलत होता. पाठीवर दोन बसल्या तेव्हा गौतम धावत आला. आजही ते आठवलं की मी एकटाच हसत बसतो.

एका शिवजयंतीला नांदेडात तिथल्या मंडळाला एकच ट्रॅक्टर मिळाला, म्हणून महाराज आणि बादशहा एकाच ट्रॉलीवर बसवले. ऊन मरणाचं. एका रसवंतीसमोर मिरवणूक थांबली, रसवाल्यानं मला दोन ग्लास दिले आणि मी त्यातला एक महाराजांच्या पुढं केला. गर्दीतून एक म्हातारा कळवळून ओरडला की महाराज, त्याच्या हातचं घेऊ नका, त्यानं काय कालवलं असंल नेम न्हाई. गौतमनं मिशीतल्या मिशीत हसू दाबलं, माझा ग्लास स्वतः घेतला आणि स्वतःचा मला दिला. लोकांनी काय टाळ्या वाजवल्या म्हणता.

त्याच मिरवणुकीआधीची गोष्ट मात्र हसण्यासारखी नाही. मंडळाचा एक कार्यकर्ता मला हळूच बाजूला घेऊन महाराजांचं काम करणाऱ्याचं आडनाव विचारून गेला होता. माझं नाही विचारलं. खानाची जात कुणी विचारत नाही. गौतमला हे कळलं, तरी तो ट्रॉलीवर चढला. सिंहासनावर असा बसला की पुढच्या चौकात त्याच कार्यकर्त्यानं येऊन मुजरा केला.

गौतमचं जिवाचं काम बाबासाहेबांचं. एप्रिलमध्ये त्याला श्वास घ्यायला सवड नसायची. तो निळा सूट अंगात असेपर्यंत तो मांडी घालून बसायचा नाही, कुणाची थट्टा करायचा नाही, आणि कुणी पाया पडायला वाकलं की दोन पावलं मागं सरून हात जोडायचा. लातुरात एकदा एक बाप क्लासला घातलेल्या पोराला घेऊन आला आणि मनला, साहेब, ह्याला तुमीच सांगा, आमचं ऐकत न्हाई. गौतमनं पोराला विचारलं, काय अवघड जातंय. पोरगं घाबरून मनलं, फिजिक्स. दोघं बराच वेळ कोपऱ्यात बोलत उभे राहिले. मी शास्त्र्याच्या वेशात कौतुकानं जवळ गेलो, तर त्या बापानं मला हातानंच लांब व्हा म्हणून सांगितलं.

तर असे आम्ही दोघं. आणि अशात आम्हाला सिनेमा आला.

लातूरची प्रज्ञा नावाची मुलगी. सिनेमाचं शिक्षण घेऊन आलेली, बारीक चणीची, बोलणं कमी, पण मनात आलं की करणारच. तिनं आमची नाटकं लहानपणी बापाच्या खांद्यावर बसून पाहिलेली. ती एक दिवस घरी आली आणि मनली, काका, तळ्याच्या सत्याग्रहावर सिनेमा काढतेय, बाबासाहेब गौतमसर करणार, आणि मारायला येणाऱ्या जमावाचा म्होरक्या तुम्ही. मी निवृत्त होऊन घरी माशा मारत होतो. खोटं सांगत नाही, अंगावर काटा आला. बायकोला मनलं, आता मी सगळीकडं दिसनार. ती मनली, दिसा, पन शेण फेकताना दिसू नका.

सिनेमाचं काम वेगळंच. नाटकात एकदा मेलं की मेलं. सिनेमात चहाच्या आधी मरायचं, चहानंतर परत मरायचं, आणि उजेड बदलला म्हणून जेवल्यावर पहिल्यापासून जिवंत व्हायचं. पहिल्या दिवशी मी नाटकातल्यासारखा शेवटच्या सतरंजीला ऐकू जाईल असा बोललो, तर प्रज्ञा मनली, काका, कॅमेरा तुमच्या नाकासमोर आहे, त्याला ऐकू येतं. सगळे हसले. पण तिसऱ्या दिवशी मी नुसती भुवई उचलली आणि ती जागची उठून मनली, हेच पाहिजे. त्या आनंदात मी जेवलो नाही.

शेवटचा दिवस आमच्या गावात होता. प्रसंग असा. लोकांनी तळ्याचं पाणी पिऊन झालंय. दुपारी मंडपात पंगत बसलीय. तेवढ्यात लाठ्याकाठ्या घेऊन जमाव येतो, जेवणाऱ्यांना मारतो, अन्न मातीत तुडवतो. मग बाबासाहेब येतात, ते सांडलेलं अन्न आणि फुटलेली डोकी बघतात, आणि चिडलेल्या आपल्या लोकांना हात उचलू नका म्हणून आवरतात. गौतमनं आयुष्यभर हा प्रसंग स्टेजवर नुसता बोलून सांगितला होता. एवढी माणसं, एवढी पंगत आम्ही कुठून आणणार? तो मला नेहमी मनायचा की माधव, ते सांडलेलं अन्न एकदा डोळ्यांनी बघितल्यावर मला ते शब्द बोलायचेत. सगळा सिनेमा त्यानं त्या एका दुपारसाठी केला होता.

मंडप माझ्या थोरल्या भावाच्या वावरात उभारला होता. आम्ही त्यांना अण्णा म्हणतो. अण्णांनी माझं एकही नाटक पाहिलं नाही, ह्या धंद्यात इज्जत नाही असं त्यांचं मत. पण गावाचं नाव सिनेमात येणार म्हणून जागा दिली आणि सकाळपासून बाजेवर बसून सगळं न्याहाळत होते. माणूस वाईट नाही बरं का. बौद्धवाड्यात मयतीला जातात, लग्नात अक्षता टाकतात. फक्त तिथं चहा आला की हात जोडतात आणि सांगतात की आत्ताच झाला. अण्णांचा चहा जन्मभर आत्ताच झालेला आहे.

पंगतीचं जेवण खरं हवं असा प्रज्ञाचा हट्ट होता. गौतमची आई धुरपतामाय, वाकलेली पण आवाजानं खणखणीत, बौद्धवाड्यातल्या बायांना घेऊन पहाटेपासून चुलीवर होती. भाकरी, वरण, भात. वासानं भूक खवळावी. ठरलं असं होतं की पंगतीत बौद्धवाड्यातली माणसं बसायची आणि जमाव व्हायला आमच्या आळीतली कुणब्यांची पोरं. पोरं आली, धोतरं नेसली, पागोटी बांधली, पोहे खाल्ले, फोटो काढले. मग प्रज्ञानं काय करायचं ते समजावलं आणि हातात स्पंजच्या काठ्या दिल्या. एकेकानं काठी खाली ठेवली.

मी विचारलं, कामून रे? आमच्या शेजारचा एक जण खाली मान घालून मनला, "काका, कुनी एवढाच तुकडा मोबाईलवर काढून टाकला तर? नाटक का खरं, कोन इचारतंय?"

 पोरांचं खोटं नव्हतं. ह्याच पोरांना उद्या बौद्धवाड्यातल्या पोरांबरोबर एका गाडीनं नांदेडला कॉलेजात जायचं होतं. ती काही रागानं नाही गेली, नुसती बांधावर जाऊन बसली. आणि आमच्याकडं म्होरक्या होता, पण जमाव नव्हता. एकटा मी काय दंगल करणार?

प्रज्ञानं घड्याळ पाहिलं. कॅमेरा भाड्याचा, संध्याकाळी परत जाणार. दुसऱ्या गावात माणसं जमवायला वेळ नाही. ती रडकुंडीला आली होती, पण दाखवलं नाही. गौतमकडं जाऊन मनली की सर, इथं आपण काळ्या पडद्यावर एक ओळ लिहू, पंगतीवर हल्ला झाला म्हणून, आणि पुढच्या प्रसंगावर जाऊ. निळ्या सुटातला गौतम खुर्चीवर बसला होता.  तो चष्मा काढून पुसत राहिला.  माणसानं ज्या घटकेसाठी जन्म काढला ती काळ्या पडद्यावरच्या एका ओळीत संपणार होती.

आणि मला सुचलं. असं सुचलं की मी धोतराचा सोगा धरून अक्षरशः पळत मंडपाच्या मधोमध गेलो. मी मनलं, उलटं करा. कुणब्यांनी पंगतीत बसा आणि बौद्धवाड्यातल्या पोरांनी काठ्या घ्या. मार खाणाऱ्याला कुणी मोबाईलवर नावं ठेवत नाही, आणि आपल्याच माणसांची गोष्ट दाखवायला काठी घेतली म्हणून ह्या पोरांनाही कुणी बोल लावणार नाही.

बांधावरची पोरं हसायला लागली. पण पंगतीत बसलेली माणसं उठून उभी राहिली आणि ती हसत नव्हती. त्यातला एक शांतपणे मनला, खानसाहेब, त्या दिवशी आमच्या माणसांनी मार खाल्ला, ती जागा आमची आहे. तिथं हे बसनार आन आमी लाठ्या घेनार? हे न्हाई होनार. गौतमनंही नकाराची मान हलवली. मला वाटलं, संपलं सगळं. आणि खरं सांगतो, त्याचं बोलणं मला पटलंही होतं.

तेव्हा धुरपतामाय चुलीजवळून उठली. पदरानं हात पुसत पंगतीच्या कडेला आली आणि आपल्या माणसांना मनली, "बसू द्या रे त्यांना. आपल्याला ठाव हाय काय झालं ते. ज्याला ठाव न्हाई त्यानं बसावं."

 मग एकेक जण पानावरून बाजूला झाला आणि काठ्यांच्या ढिगाकडं गेला. आता कुणब्यांनी बसायचं. आणि इथं खरी गोम कळली, तोपर्यंत माझ्या टाळक्यात शिरलीच नव्हती. पानांवर वाढलेलं जेवण खरं होतं आणि ते धुरपतामायच्या चुलीवरचं होतं. कॅमेऱ्यापुढं खावं लागणार होतं. पोरांचं काही नव्हतं, ती नांदेडात काय कुठंही खातात. पण त्यांनी सगळ्यांनी एकदम वळून बाजेकडं पाहिलं. अण्णा तिथं बसलेले. अण्णांसमोर कोण बसणार?

प्रज्ञाला ह्यातलं काही उमगलं नसावं, किंवा सगळं उमगलं असावं. ती अण्णांपाशी गेली आणि सरळ मनली की आजोबा, माणसं मिळाली नाहीत म्हणून ह्या गावातला प्रसंग आम्ही सोडतोय, सामान भरायला लावते. अण्णांच्या कपाळाची शीर उडली. आमच्या गावाला माणसं मिळाली नाहीत, हे त्यांनी पुटपुटत दोनदा स्वतःशीच म्हणून पाहिलं. मग उठले. चपला काढल्या. पांढरी टोपी काढून बाजेवर ठेवली आणि पंगतीत पहिल्या पानावर जाऊन बसले. त्यांच्यामागं पोरं धडाधडा बसली.

सगळं तयार झालं आणि मी माझ्या जमावापुढं उभा राहिलो. बौद्धवाड्यातली ती पोरं काठ्या अशा धरून उभी होती की जणू त्या दुसऱ्याच्या आहेत. मी आयुष्यभर शिकलो ते त्यांना घाईघाईनं सांगितलं. रागावू नका. ओरडू नका आधी. तुम्ही चांगलं काम करायला निघालाय असं मनाशी धरा, देवाधर्माचं काम. एक पोरगा माझ्याकडं बघत राहिला आणि मनला, असंच वाटत असंल का हो त्यांना? मी मनलं, असंच.

प्रज्ञानं हाक दिली. आम्ही धावलो. मंडपात शिरताना माझ्या अंगात जे आलं ते कुठल्या खानाच्या वेळी आलं नव्हतं. पोरं सुटली, काठ्या चालल्या, पंगतीतली पोरं आडवी पडली, वरणाच्या बादल्या उलटल्या. पण मला कळलं की अण्णांच्या पानाकडं कुणीच जात नाही. ज्यांच्या बापांनी अण्णांच्या वावरात खुरपणं केली त्या पोरांचे पाय तिथं जाऊन थबकत होते. पंगत उधळलेली आणि मधोमध एक म्हातारा शाबूत जेवतोय, असा प्रसंग नासला असता. मग ते माझंच काम होतं. अण्णांनी भाकरीचा तुकडा वरणात बुडवून तोंडाशी नेला होता. मी त्यांच्या हातावर काठी मारली आणि पानावर पाय दिला.

अन्नावर पाय दिला मी, आणि थोरल्या भावापुढच्या. अण्णांनी मान वर करून माझ्याकडं पाहिलं. नाटकातलं बघणं मला चांगलं कळतं, ते नाटकातलं नव्हतं. त्यांना खरंच कळत नव्हतं की मी असं का केलं. लहानपणी मी त्यांच्या ताटातलं खाल्लेलं आहे. मला त्या घटकेला माझीच किळस आली, पण भुवई मी हलू दिली नाही, कारण कॅमेरा तिथंच होता.

मग गौतम आला. तो निळा सूट मंडपाच्या तोंडाशी दिसला आणि सगळा आवाज आपोआप थांबला. तो सांडलेल्या भातातून पाय वाचवत, एकेका पानापाशी थांबत चालत आला. अण्णांपाशी आला आणि वाकून त्यांच्या हातातून पडलेला तो मातीनं भरलेला घास उचलला. हे लिहिलेलं नव्हतं. तो घास मुठीत ठेवूनच तो आपले शब्द बोलला, इतक्या हळू की शेवटच्या सतरंजीला काय, मलाही कान द्यावा लागला. तसं काम मी जन्मात पाहिलेलं नाही. एवढी वर्षं त्याच्या समोर उभा राहिलो, आणि त्या दिवशी मला त्याच्या पाया पडावंसं वाटलं.

प्रज्ञानं थांबवलं, आणि एकच गलका झाला. पोरं एकमेकांना उठवायला लागली, काठीवाले पडलेल्यांच्या अंगावरची माती झटकत होते, कुणी गौतमला मिठी मारत होतं. कॅमेरावाला सामान काढायला लागला. मी लहान पोरासारखा ओरडत होतो, झालं, झालं म्हणून. मग लक्षात आलं की अण्णा उठलेलेच नाहीत. मी मिशी ओरबाडून काढली आणि त्यांच्यापाशी गेलो. मनलं, अण्णा, लागलं का? उठा, संपलंय.

अण्णा आपल्या मोकळ्या हाताकडं बघत मनले, "लागलं न्हाई रे. घास तोंडाशी होता."

एवढंच.  अण्णांनी समोरचं तुडवलेलं पान उचलून बाजूला ठेवलं, तळहातानं पुढची माती सारखी केली आणि चुलीकडं मान वळवली. हयातभर त्यांनी गौतमच्या आईला ए धुरपता अशीच हाक मारली होती.

"वाढ माय," ते मनले. "माझं जेवन राह्यलं."

धुरपतामायनं हातातली पळी खाली ठेवली.  मग नवं पान घेऊन आली, अण्णांपुढं मांडलं आणि विचारलं, भाकर आनू का भात?

"दोनी आन," अण्णा मनले.